पन्हळीच्या पाण्याचा हक्क

आमच्या शेजारच्या रावसाहेबांना माणसं आवडत नसत, दावे आवडत. मामलेदार कचेरीतून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालेला हा गृहस्थ सकाळी देवाला फूल वाहायचा आणि दुपारी कुणाला तरी नोटीस. अशा माणसाच्या घराला लागून बारामतीत जागा घ्यायची बुद्धी आमच्या वडिलांना झाली. वडील इंदापूरचे, भाजीचे व्यापारी, सगळ्यांचे तात्या. स्वातंत्र्य मिळून पाच-सहा वर्षं झाली होती. रावसाहेबांपासून कुणाला मिळालं नव्हतं.

आमच्या भिंती छातीएवढ्या झाल्या आणि कोर्टाचा मनाई हुकूम आला. रावसाहेबांचं म्हणणं, त्यांच्या धाब्याच्या, म्हणजे मातीच्या सपाट छपराच्या, पन्हळीचं पाणी पिढ्यान्‌पिढ्या आमच्या जागेत पडत आलंय. आमचं घर झालं तर त्या पाण्यानं पडायचं कुठं? आमच्याकडं पाऊस असा, की त्या पन्हळीत चिमण्या सुखानं संसार करत. पण हक्क तो हक्क.

इकडं भाड्याच्या खोलीच्या मालकानं दसऱ्यापर्यंत बाहेर पडायला सांगितलेलं. एकदा आईनं अर्धवट भिंतींच्या आत तीन दगड मांडून पाणी तापवलं, तर रावसाहेबांनी हुकूम मोडून बांधकाम केल्याचा अर्ज ठोकला. त्या तीन दगडांपायी तात्यांना कोर्टात उभं राहून माफी मागावी लागली.

तात्यांनी पुण्याच्या वरच्या कोर्टात अपील केलं. हुकूम झाला, निकाल लागेपर्यंत दोन्ही पक्षांनी भिंती, पन्हळ आणि छप्पर जैसे थे ठेवावं. त्यातलं छप्पर रावसाहेबांनी स्वतःच हौसेनं दाव्यात घातलेलं होतं. त्यांनी गल्लीत पेढे वाटले. आमचा पेढा आईनं गाईला घातला.

आता, धाब्याच्या घरावर दरवर्षी पावसाळ्याआधी पांढऱ्या मातीचा थर द्यावा लागतो, हे आमच्याकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक. रावसाहेबांची माती गाढवांवरून आली, दारात ओतली गेली, आणि तिथंच राहिली. तीन दगड जर बांधकाम, तर एवढी माती काय? त्यांचा वकील म्हणाला, हात लावू नका.

भाद्रपदात पाऊस असा लागला की विचारू नका. रावसाहेबांच्या माजघरात घमेली, पातेली, शेवटी देवाचं ताम्हणसुद्धा मांडलं गेलं. सगळं पाणी आतच. पन्हळीतून थेंब नाही. कायद्याचा हा महामेरू स्वतःच्या घरात छत्री उघडून बाजेवर बसलेला मी डोळे भरून पाहिला.

तिसऱ्या दिवशी ते आमच्या खोलीवर आले. मागून त्यांची बायको, आमच्या काकू, ओल्या पदरानं.

"तात्या, माती टाकायला तुमची हरकत नाही, एवढं लिहून द्या. शेजारधर्म आहे."

"देतो की," तात्या म्हणाले. असले भोळे.

आई पुढं झाली. "रावसाहेब, आमी अडाणी. कोर्टाचा हुकूम हाय, त्यो आमच्यानं कसा मोडवंल? तीन दगडांची माफी अजून ध्येनात हाय."

"वहिनी, ते निराळं."

"व्हय, त्ये चुलीचं हुतं. आधी दावा काढून घ्या, मग खुशाल माती टाका."

रावसाहेबांनी घसा खाकरला. "त्यापेक्षा मी कोर्टाला एक अर्ज करून बघतो."

"कशावर लिवणार?" काकू म्हणाल्या. "कागद भिजल्यात समदे. दावा काढा, न्हायतर मी निघाली भिगवणला माहेरी. आन भांडी संगट नेती."

बायको जाईल याचं त्यांना काही वाटलं नसावं. पण भांडी गेली तर पाणी कशात धरणार? दुसऱ्या दिवशी रावसाहेब आणि तात्या कोर्टात गेले आणि दावा, अपील, सगळं मिटवून आले. शेजाऱ्याची दया आली म्हणून मिटवलं, असं रावसाहेब मरेपर्यंत सांगत राहिले.

दसऱ्याआधी आमच्या घरावर पत्रा चढला. वास्तुशांतीचं बोलावणं आईनं फक्त काकूंना दिलं. त्या आल्या, पोटभर जेवल्या. रावसाहेबांसाठी ताट झाकून देऊ का, असं तात्यांनी विचारलं, तेव्हा म्हणाल्या, "नगा. आमटीत मीठ कमी हाय म्हणून दावा लावतील."