टोकाला न नेलेली दांडी

काकांनी जन्मभर बस चालवली. स्टिअरिंग टोकापर्यंत फिरवायचं नाही, ब्रेक तळापर्यंत दाबायचा नाही, हा त्यांचा नेम. उभ्या प्रवाशाचा तोल गेला तर रात्री त्यांना जेवण गोड लागत नसे. पुढे आजारपण आलं. त्यातून देवाने उठवलं, पण हाताला बारीक कंप राहिला. तशा हातांनी घरी बसून त्यांनी हलक्या लाकडाचं, रिमोटवर उडणारं विमान केलं.

मेहुणा दर रविवारी मैदानावर असली विमानं उडवायचा. त्याने अट घातली, "दाजी, आधी कॉम्प्युटरवरच्या विमानाच्या खेळात एकदा नीट उतरवून दाखवा. नाहीतर रविवारी मी उडवतो, तुम्ही खुर्ची टाकून बघा."

खुर्चीत बसून बघणं काकांनी आजारपणात पोटभर केलं होतं.

शनिवारी दुपारी त्यांनी रिमोट वायरीने कॉम्प्युटरला जोडला. रिमोटची डावी दांडी पुढे केली तर इंजिनाचा वेग वाढण्याऐवजी शेपटीच वळली. सेटिंगमध्ये शिरून ते दुरुस्त केलं. मग दोन्ही दांड्या सगळ्या बाजूंनी फिरवून कॉम्प्युटरला त्यांची ओळख करून दिली. पडद्यावरचं विमान उठलं, दांडीला बोट लागताच उलटं झालं आणि जमिनीत घुसलं. पुन्हा उठवलं, पुन्हा घुसलं. काका उठले, खिडकीशी गेले, परत बसले, परत उठले.

"अहो, एका जागी टेका की जरा," कपड्यांच्या घड्या घालता घालता बायको म्हणाली. "पायाला भिंगरी लागल्यासारखं काय?"

"हात गेले गं माझे. नुसता स्पर्श केला तरी पालथं पडतंय."

तेवढ्यात मेहुण्याचा फोन. "काय दाजी, उतरलं का?"

"तुझ्या या खेळातच काहीतरी बिघाड आहे."

"नाचता येईना, अंगण वाकडं," म्हणून तो हसत सुटला. काकांनी फोन ठेवला आणि वायर उपटायला हात घातला.

"थांबा," बायको घड्या टाकून मागे येऊन उभी राहिली. "सेटिंगमधली ती दांडी किती हलली ते दाखवणारी पट्टी काढा बघू. हं, आता हळू पुढे न्या. अहो, पट्टी तर भरली, आणि दांडी अजून अर्ध्यातच! ओळख करून देताना टोकापर्यंत नेली होती का?"

"टोकाला कशाला न्यायची? मोडली म्हणजे?"

"म्हणजे तुमचं अर्धंच त्याने पूर्ण धरलं. मग बोट हललं तरी ते कोलांट्या मारणारच. ही बस नाही हो."

काकांनी पुन्हा पहिल्यापासून सुरुवात केली. एकेक दांडी कोपऱ्यात टक् वाजेपर्यंत रेटली. रेटताना त्यांचा चेहरा असा झाला, जणू भरली बस कुणी खड्ड्यात घातली. बायकोने मनातल्या मनात देवाला हात जोडले.

विमान उठलं. हात कापत होता, पण विमान आता तेवढ्याने बिचकत नव्हतं. एक वळसा घेऊन ते खाली आलं, एकदा उसळलं आणि चाकांवर उभं राहिलं.

काकांनी आपणहून फोन लावला. "उतरलं. जरा दणका बसला."

"किती प्रवाशांना लागलं?"

"अंगणच वाकडं होतं रे, तुझ्या ताईने सरळ करून दिलं. उद्या खुर्ची आण बरं का, तुला बसायला."