हरण्याचा पगार

मला हरण्याचा पगार मिळायचा. हे सांगितलं की डोंबिवलीच्या पारावर माणसं हसतात. हसू देत. ठाण्याला साहेबलोकांचं टेनिसचं कोर्ट होतं, तिथे मी मार्कर होतो. मार्कर म्हणजे काय, तर साहेबाला जोडीदार मिळाला नाही की त्याच्याशी खेळायचं, आणि दोन साहेब खेळत असले की जाळीपाशी उभं राहून चेंडू आत पडला की बाहेर ते ओरडून सांगायचं. खेळताना हरायचं, पण मुद्दाम हरतोय हे साहेबाला कळता कामा नये. चेंडू जाळीत घालणं गाढवालाही जमेल. साहेबाला अर्धा तास झुंजवायचं, त्याचा घाम काढायचा आणि मग एक फटका वीतभर बाहेर मारायचा, याला अक्कल लागते. त्या कोर्टावर मला हरवील असा एक माणूस नव्हता आणि मी रोज हरत होतो.

माझा राग नाकावर. तरी हे नऊ वर्षं सोसलं ते पोटासाठी. कोर्टामागे आम्हाला एक खोली दिलेली. नोकरी गेली की खोली गेली. त्या साली बायकोला आठवा महिना लागलेला. आधीची दोन पोरं सहा महिन्यांची व्हायच्या आत गेलेली. या खेपेला सुईण चांगली मिळालेली, शेजारच्याच आळीत राहायची. म्हणून बाळंतपण होईपर्यंत काही करून तिथून हलायचं नाही, एवढंच माझ्या डोक्यात होतं.

कोर्ट आपल्या अंगणासारखं शेणमातीनं सारवलेलं असायचं. सारवायचं काम माझी बायको आणि आणखी दोघी करायच्या. वाळलं की मी दोरी लावून चुन्याच्या रेषा मारायचो. पूर्वी सारवून झालं की बायका कोपऱ्यात रांगोळीची चार बोटं ओढून हळदकुंकू वाहायच्या. एकदा त्या पांढऱ्या बोटांवरून दोन साहेबांत वाद झाला, चेंडू रेषेवर पडला की रांगोळीवर. झालं! हुकूम सुटला, कोर्टावर रेषांशिवाय काही दिसलं तर सारवणारीला आणि तिच्या घरच्यांना कंपाउंडबाहेर काढू.

मी घरी येऊन सांगितलं. बायको मोहने गावची, मुखदुर्बळ, पण एका जागी अडून बसली. म्हणाली, "अहो, घरातून मढं नेल्यावर सारवतात, तेव्हा रांगोळी घालत नाहीत. नुसतं सारवलेलं मी माझ्या हातानं कसं सोडू?" मी म्हटलं, "गप बस. साहेबाची जागा, साहेबाचा धर्म." ती गप बसली. मला वाटलं, पटलं.

मग तो शनिवार आला. ठाण्याला दिवाणी दावे चालवणारे एक नवे मुन्सफ आलेले, आपल्यातलेच, पुण्याकडचे. कॉलेजात टेनिस शिकलेले. तोवर त्या कोर्टावर आपला माणूस खेळलेला नव्हता, म्हणजे मी सोडून, आणि मी कुठला माणूस, मी मार्कर. बांधकामाकडचा एक साहेब कोर्टाचा कारभार बघायचा, माझी नोकरी त्याच्याच हातात. त्यानं मुन्सफांना खेळायला बोलावलं. कुर्च्या मांडल्या, मडमा आल्या. सरबताचे पेले फिरले.

साहेबाला वाटलेलं, अर्ध्या तासात उरकेल. कसलं उरकतंय! मुन्सफ धोतराचा काचा मारून असे खेळले की मी गुणांचे आकडे सांगायचं विसरत होतो. शेवटी गाठ अशी आली, की एक फटका मुन्सफांनी जिंकला की खेळ त्यांचा. साहेबाचं तोंड लाल झालेलं. खरं सांगतो, मला मुन्सफ जिंकायला हवे होते. नऊ वर्षांत पहिल्यांदा त्या कोर्टावर कुणीतरी जिंकावं असं मला वाटलं.

साहेबानं जीव खाऊन चेंडू मारला, मुन्सफांच्या पार मागच्या कोपऱ्यात. बाहेर पडला. माझ्या तोंडातून निघूनही गेलं, "आउट!"

साहेब ओरडला, "चुना उडाला! रेषेवर पडला! नीट बघ!"

पांढरं उडालेलं खरंच. मीही पाहिलेलं. मी धावत कोपऱ्यात गेलो. रेष शाबूत होती. रेषेच्या बाहेर वीतभरावर, भिंतीकडच्या अंगाला, नखाएवढी रांगोळी, चेंडूनं फिसकटलेली. चेंडू उचलला, तर त्याच्या पांढऱ्या कापडावर कुंकू.

माझी पाचावर धारण बसली. चेंडू बाहेर पडला याचा पुरावा माझ्या हातात होता, आणि तो दाखवला की आठव्या महिन्यातली बायको रस्त्यावर. मी अनवाणी पाय त्या रांगोळीवर ठेवला आणि अंगठ्यानं चेंडू पुसायला लागलो. मान वर केली तर दोन हातांवर मुन्सफ उभे. त्यांनी पाय पाहिला, अंगठा पाहिला.

"तुझ्या घरचं आहे का रे?" हळूच विचारलं त्यांनी.

"होय रावसाहेब. दिवस भरत आलेत तिचे."

ते वळून आपल्या जागी गेले. तिकडून साहेब विचारत होता, काय झालं, काय झालं. मी मोठ्यानं म्हटलं, "माझी चूक झाली साहेब. चेंडू रेषेवर होता."

पुढे मुन्सफ हरले. मी सांगत होतो ते आकडे माझ्याच कानांना नकोसे झालेले. सगळे सरबताकडे गेल्यावर मी त्यांच्या पाया पडायला वाकलो, तर त्यांनी पाय मागे घेतले. आवाज चढवला नाही. म्हणाले, "मी कचेरीत रोज साक्षी ऐकतो. पोटासाठी खोटं बोलणारे पुष्कळ पाहिले. पण इतक्या सहज बोललेला तूच." ते परत त्या कोर्टावर आले नाहीत. मला वाटतं बोलावलंही नसावं.

मी तडक खोलीवर गेलो, बायकोला फाडून खायचं ठरवून. ती भिंतीला टेकून पाय पसरून बसलेली, पोटावर हात ठेवून. म्हणाली, "आज लाथ मारली बघा पोरानं, चांगली जोरात." माझा राग कुठल्या कुठे गेला. तिथेच बसलो आणि रडलो. तिनं विचारलं, काय झालं. मी म्हटलं, काही नाही, ऊन लागलं.

मुलगी झाली. जगली. आज तिला दोन मुलं आहेत.

वर्षभरानं साहेबाची बदली झाली. जाताना त्यानं खूश होऊन मला इंग्रजीत सर्टिफिकेट लिहून दिलं. पुढे कल्याणला रेल्वेच्या साहेबांच्या कोर्टावर जागा मागायला गेलो, तेव्हा तिथल्या कारकुनानं ते मला वाचून अर्थ सांगितला. लिहिलं होतं, हा मार्कर अत्यंत सचोटीचा आहे. आपल्याच देशाच्या माणसाचं नुकसान होत असतानाही त्यानं भर खेळात आपली चूक कबूल केली. रेषेबाबत याचा शब्द शेवटचा मानावा.

जागा मिळाली. पुढच्या तिन्ही जागा त्या कागदावरच मिळाल्या. मी नंतर कधी खोटा आकडा सांगितला नाही, तो भाग वेगळा. कागद चुलीत घालावा असं शंभरदा मनात आलं. पण घरात खाणारी तोंडं होती. नवा साहेब आला की घडी उलगडून मीच तो दोन्ही हातांनी त्याच्यापुढे धरायचो.