थिजंत गेलेली हाक

त्या दिशी बांधावर आमी चौघी व्हतो. मी, माझी सासू, धाकटी जाऊ, आन् माझ्या काखंला माझी लेक, आठ म्हैन्यांची. पाटाचं पानी सोडनारा म्हातारा कडंला बिडी वढत बसलेला. आन् पुढं पायवाटंनं चाललेले माझे मालक, खांद्यावर पत्र्याची ट्रंक घिऊन. फौजंतली सुट्टी सरली व्हती. ह्यातल्या आता मी आन् लेकच उरलोय. मालक हायती, पर ते कसं, तेच सांगती.

आमच्याकडं चैतात डोंगराच्या अंगानं थिज पडती. लांबनं धुक्यावानी दिसती, पर धुकं न्हवं. जवळ गेलं की काचंतनं बघावं तसं आतलं सगळं दिसतं, नुसतं मंद झालेलं. पाटाचं पानी तिथं गेलं की तुपावानी जड हुतं. दरसाल पडायची आन् चार-आठ दिसांत उठायची. एकदा जावंचा कोंबडा आत घुसला, तो आठव्या दिशी अर्धी ऱ्हायलेली बांग देतच भाईर आला. दारुड्या नवऱ्याला बायका म्हनायच्या, "जा, थिजंत जाऊन बस, मलाबी आराम आन् तुलाबी." भ्या कुनालाच वाटत न्हवतं.

वाटंवर चिखल, म्हनून मालक पायाकडं बघत चाललेले. मी वर बघितलं. वारा व्हता, पर आंब्यापल्याड उसाची पानं हालत न्हवती. थिज खाली उतरत व्हती, आंब्याएवडी उंच. तसली मी कवा बघितली न्हवती. मी तोंड उघडलं, तर सासूनं हात ठिवला तोंडावर.

"गप! निघाल्या मानसाला मागनं हाक मारती व्हय? फौजंत चाललाय त्यो."

"आवं आत्या, तिकडं बघा तरी."

"बघितलं. चार दिसानं निघंल. रजा वाढली म्हनंल."

म्हातारा हसला. "यष्टी चुकंल, आनि काय?"

मी गप बसले. मालक आत गेले. उचललेला पाय खाली येताना दिसंना, तवा मी सासूचा हात झाडला आन् वरडले, "आवं!"

ती थिज उठलीच न्हाई.

फौजंतनं दोन जवान आले, मानूस पळून गेला म्हनून कागद घिऊन. बांधावर उभं ऱ्हायलं, बघितलं, सलाम ठोकला आन् कागद तसाच परत नेला.

आत का न्हाई गेलीस, आसं लोक इचारत्यात. लेक काखंला व्हती. तिला ठिवून गेले आसते तर तिला कोन? मी खुरपायला गेले. फलटणकडं ऊस तोडला. हाताची कातडी गेली, परत आली. गावात आसले की रोज बांधावरच्या चपट्या दगडावर उभी ऱ्हायची. मालकांची पाठ दिसायची. एक पाऊल पडायला दोन-दोन वर्सं. सासूनं मला पुन्यांदा कवा गप म्हनलं न्हाई. मरताना माझा हात घिऊन सोताच्या तोंडावर ठिवला.

लेकीच्या लेकीचं लगीन ठरलं त्या साली मला वाटलं, मालकांची मान हाललीया. कुनाला सांगितलं न्हाई. म्होरल्या साली कान दिसाय लागला, मंग गाल. तवा उमगलं. माझी हाक आता कुठं त्यांच्या कानाला पोचली व्हती. ते मागं वळाय लागलेत.

लेक सांगलीला विश्रामबागला ऱ्हाती, हापिसात नोकरीला हाय. तिचं क्यास पांढरं झाल्यात. बापापरास आता तीच थोरली. परवा म्हनली, "आई, चल माझ्याकडं. गुडघं गेलं तुजं."

"त्यांचा डोळा आजून हिकडं आला न्हाई गं."

"आन् आला तर? त्यांनी बांधावर तरनी बायको सोडलीया. तुला म्हातारीला बघून ट्रंक घिऊन पळत्याल." आसं म्हनून हसली. मंग हळूच म्हनली, "मला वळखत्याल का गं?"

"नाक त्यांचंच हाय तुजं," मी म्हनले.

मला वळखलं न्हाई तरी चालंल. पर डोळा बांधावर यायला आजून दोन-तीन वर्सं तरी जात्याल, आन् माझ्यात तेवडा दम न्हाई. हाक आली म्हनून ते वळत्याल, आन् दगडावर कोनीच नसलं तर? भास झाला आसं वाटंल त्यास्नी. परत पुढं बघत्याल आन् चालाय लागत्याल.

म्हनून ह्यो कागद. मी दुसरीपातूर शिकलीया, चुकलंमाकलं वाचून घ्या. जाता-येता त्या चपट्या दगडावर घटकाभर उभं ऱ्हावा, तोंड आंब्याकडं करून. एक उतरला की दुसऱ्यानं चढा. लेकरू आसंल तर काखंला घ्या. आन् हाक मारावी वाटली, तर मारा.