पानवहीवाली हिराबाई

मी आशाताई, वाड्यावस्त्यांवर आरोग्याचं काम बघणारी. माझ्याकडं नऊ रजिस्टरं आहेत. गरोदर बायांचं वेगळं, लसींचं वेगळं, तापाचं वेगळं, आणि त्यातलं एकही आजवर आपण होऊन भरलेलं नाही. त्यामुळं म्हसा गावाच्या पुढं डोंगराला चिकटून असलेल्या वाडीत मी पहिल्यांदा हिराबाईची पानवही पाहिली, तेव्हा नवल नंतर वाटलं, आधी पोटात दुखलं.

ही वही जिवंत आहे. हिराबाईच्या ओटीवरच्या खांबाला एक वेल आहे. तिला एकावर एक रचल्यासारखी पानं येतात आणि एकेक पान म्हणजे रानातल्या एकेका वेळेच्या झाडाची नोंद. मुरबाडच्या रानात वेळेची झाडं आहेत हे इकडं शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. 'कालची' हुंगली की काल किल्ली कुठं ठेवली ते आठवतं. 'पोरवेळे'ची मुळी चघळली की म्हाताऱ्यांना लहानपणीची एक दुपार परत मिळते; एकच, जास्त हावरेपणा चालत नाही. रानात नवं झाड उगवलं की वहीत पान फुटतं. पानावर बोट ठेवलं की ते झाड कुठं आहे, किती उरलंय, सगळं हिराबाईला कळतं. मला कळत नाही. मी ठेवून पाहिलंय.

वही एकच मागते. रोज सकाळी प्रत्येक पानाला त्याच्या झाडाच्या नावानं हाक मारायची. हाक चुकत गेली की पान पिवळं पडतं आणि रानातल्या झाडातली वेळ जाते. पान गळलं की झाडच संपलं. हिराबाई सत्तरीची, शाळेचं तोंड न पाहिलेली, पण दीडशे नावं एका दमात घेते. मध्येच कोंबडीला शिव्या घालते आणि नेमकी त्याच नावापासून पुढं जाते. मी शहापूरची, मॅट्रिक झालेली, आणि मला माझ्या वाडीतली बाळं वहीत बघितल्याशिवाय सांगता येत नाहीत.

मागं वाशिंदच्या नव्या बिल्डिंगीतला एक माणूस 'थांबू' मागायला आला होता. थांबूचं पान मुठीत धरलं की धरणाऱ्याच्या अंगातली वेळ थांबते. ताप चढत नाही, रक्त वाहत नाही, कळा येत नाहीत. पान सुकेपर्यंत, म्हणजे दोनेक तास. त्याला सुरकुत्या थांबवायच्या होत्या. हिराबाईनं त्याला ओंजळभर करवंदं दिली आणि म्हणाली, "दादा, दोन तासांनी परत म्हाताराच व्हशील. जीपचं भाडं कशाला घालवतोस?"

हिराबाईची नात मैना. आईबाप दर साली वीटभट्टीवर जायचे, त्यामुळं पोर आजीच्याच हाताखाली वाढली आणि बाळंतपणालाही तिच्याकडंच आली. सोनोग्राफीत बाळ पायाळू निघालं. डॉक्टरांनी बजावलं होतं, कळा सुरू झाल्या की घरी थांबायचं नाही, सरळ कल्याणकडच्या मोठ्या दवाखान्यात आणायचं. वाडीपासून तिथवर दोन तास. मी काळजीत होते. हिराबाई निवांत होती. "थांबू हाय ना. पान मुठीत देऊ नि नेऊ," म्हणाली. मग मीही निवांत झाले, आणि तिथंच आम्ही दोघी फसलो.

वाडीची रीत अशी की पावसाळी पाला आधी गावदेवीला दाखवायचा, मग तोंडात घालायचा. तोवर त्याचं नावसुद्धा घ्यायचं नाही, आणि बघितलं की नाव तोंडात येतं. म्हणून हिराबाई वहीतली पावसाळी पानं फडक्यानं झाकून ठेवते. दर वर्षी आठवडाभराचा प्रश्न असतो, तेवढं पानं सोसतात. यंदा वाडीतली सकुबाई वारली, तिचं सुतक फिटायच्या आत तिचा दीर गेला, आणि सगळी वाडी एकाच भावकीतली. देवीचा नैवेद्य तीन आठवडे लांबला. थांबू पावसाळ्यातलाच.

मंगळवारी सकाळी दहाला मैनाला कळा सुरू झाल्या. तारखेच्या आठ दिवस आधी. मी जीपवाल्या कोंडूला गाडी काढायला फोन केला. हिराबाईनं फडकं बाजूला केलं आणि पानापुढं बसली. थांबूचं पान हळदीसारखं पिवळं, देठाला जेमतेम लटकलेलं.

"आता नाव घ्या की," मी म्हटलं.

"देवीच्या आदी? नैवेद नाय झाला गो अजून. माज्या पोरीवर कोप झाला तं?"

माझं डोकं फिरलं. "कोप झाला तर मी बघते तुमच्या देवीकडं," असं मी ओरडले. नंतर कान धरले, पण तेव्हा ओरडले. हिराबाई रागावली नाही. तिनं मैनाकडं पाहिलं. मैना खांब धरून उभी होती, ओठ दातात. हिराबाई उठली, गावदेवीच्या आंब्याकडं तोंड करून तिनं हात जोडले.

"आये, तुझ्या आदी नाव घेते. मला काय करायचं तं कर. पोरीला नको."

मग पानाकडं वळून म्हणाली, "थांबू." पान तसंच पिवळं. पुन्हा म्हणाली. तिसऱ्यांदा म्हणाली, तेव्हा देठापासून हिरवा रंग सरकत वर आला आणि अर्ध्यावर येऊन राहिला. हिराबाईनं बोट ठेवलं आणि चपला न घालता शेताच्या बांधाकडं पळाली. परत आली तेव्हा गुडघ्यापर्यंत चिखल आणि हातात थांबूच्या झाडाचं एकच पान.

मैनाची मूठ मिटली, तसा तिचा चेहरा सैल झाला. कळ थांबली. पण पान अर्धंच जागं झालं होतं, किती टिकेल ते हिराबाईलाही सांगता येईना. आम्ही तिघी जीपमध्ये बसलो. म्हसा गेलं, मुरबाड गेलं. मी सारखी मैनाची मूठ उघडून बघत होते. कडा काळ्या पडत चालल्या होत्या. "ताई, नका ना उघडू, गुदगुल्या होतात," मैना म्हणाली. कोंडूनं आयुष्यात पहिल्यांदा रस्त्यात कुणासाठी जीप थांबवली नाही.

दवाखान्याच्या दारात पानाचा चुरा झाला आणि मैना किंचाळली. पण समोर स्ट्रेचर होतं. पाऊण तासात ऑपरेशन झालं. मुलगी, दोन किलो सहाशे. मैना शुद्धीवर, ठीक.

हिराबाई आत यायला तयार होईना. दाराबाहेर हात पाठीमागं बांधून उभी राहिली. "माज्या हातात नको देऊ. मी नाव घेतलंय," एवढंच म्हणे. मी समजावलं, चिडले, पुन्हा समजावलं. शेवटी घाईतली एक नर्स आली, आजी कोण म्हणून विचारलं, आणि उत्तराची वाट न बघता बाळ तिच्या हातांत ठेवून निघून गेली.

हिराबाई काठीसारखी ताठ झाली. मग हळूच दुपट्याचं टोक उचलून तिनं बाळाची बोटं मोजली, हातांची आणि पायांची. बाळानं टाहो फोडला. तिनं माझ्याकडं पाहिलं.

"कायच नाय झालं गो?"

"काहीच नाही झालं."

ती भिंतीला पाठ लावून बाळासकट खाली बसली. "आये लय चांगली हाय," म्हणाली आणि ते रडणारं पोर छातीशी धरून हसत सुटली. मग मीही तिच्याशेजारी फरशीवर बसले आणि पोटभर रडून घेतलं.