तीन पायांची बाज आणि दोन पंडित

मी वाशीमच्या हायस्कुलात नुकतीच जायला लागले होते. देशाला स्वातंत्र्य मिळून सहा-सात वर्षं झाली असतील. माझी आत्या गावाबाहेर मळ्यात राहायची. वांगी, मेथी पिकवून सकाळी बाजारात विकायची आणि दिवस कलला की आम्हा पोरांना गोष्टी सांगायची.

त्यात तीन पायांच्या बाजेची गोष्ट आमच्या भागात घरोघर ठाऊक होती. बाजेचा चौथा पाय रुसून पळून जातो, कारण आपण पूर्वी बाभळीचं झाड होतो हे त्याला आठवतं. मग बाजेवर निजणारी पोर त्याच बाजेवर बसून उडत उडत सात शिवारं ओलांडते. पाय सापडतो, पण तोवर त्याला पालवी फुटलेली असते. पोर म्हणते, राहा बाबा इथंच. घरी येऊन ती बाजेखाली वीट लावते आणि झोपी जाते.

एके दिवशी आमचे संस्कृतचे गुरुजी वर्गात म्हणाले, ‘‘नागपूरचे एक प्राध्यापक वाचनालयात या गोष्टीवर व्याख्यान देणार आहेत.’’ मी धावत मळ्यात गेले.

आत्या हसली. ‘‘आपल्या गोष्टीवर? त्यात काय सांगाचं हाये? बाज, पोट्टी अन् बाभूय. झालं!’’

पण आली. धुतलेलं लुगडं नेसून माझ्याशेजारी बायकांच्या सतरंजीवर बसली.

प्राध्यापक बारीक अंगाचे, आवाज मात्र खणखणीत. म्हणाले, बाजेचे चार पाय म्हणजे चार पुरुषार्थ. पळून गेला तो मोक्ष, कारण मोक्ष घरात टिकत नाही. टाळ्या पडल्या. तेवढ्यात आमचे गुरुजी उठले. ‘‘क्षमा करा, पण चार पाय धर्माचे. प्रत्येक युगात एक तुटतो. तीन उरले, म्हणजे हे त्रेतायुग!’’ मग अर्धा तास दोघं श्लोकावर श्लोक म्हणत राहिले. मला मोठी मजा वाटत होती. आपल्या आत्याच्या गोष्टीवरून एवढी मोठी माणसं भांडत होती!

आत्यानं मला कोपर मारलं. ‘‘पोरीचं काय, इचार त्याइले.’’

‘‘मी नाही बाई, तूच विचार.’’

ती खरंच उभी राहिली. ‘‘साहेब, तुमी पायाचं सांगतलं, गुरुजीनं बी पायाचंच सांगतलं. पन त्या पोरीचं कोनीच काही नाई बोललं. पाय शोधाले थेच गेली, सापडल्यावर त्याले सोडून बी तिनंच देल्लं, अन् इट बी तिनंच लावली. तिचा अर्थ काय?’’

माझे कान लाल झाले. आता काय होतं कोण जाणे! प्राध्यापकांनी चष्मा काढून पुसला. ‘‘बाई,’’ ते म्हणाले, ‘‘मी तिच्याकडे पाहिलंच नाही. ही गोष्ट तुमच्या तोंडून ऐकायला मिळेल?’’

‘‘या ना उद्या सकाळी. पन मी वाफे भिजवत राहीन.’’

दुसऱ्या दिवशी ते आले, सोबत गुरुजीही. आत्याचे यजमान, आमचे मामा, विहिरीवर मोट हाकत होते. आत्या हातात फावडं घेऊन, पाणी या वाफ्यातून त्या वाफ्यात वळवत गोष्ट सांगायला लागली. पाय सापडला तिथं मात्र मी चमकले. त्याच्या कोवळ्या फांदीवर या वेळी दोन नव्याच साळुंक्या बसल्या होत्या. एक म्हणे, हा मोक्ष हाये. दुसरी म्हणे, हट्, हा धर्म हाये. अन् खाली पोट्टी म्हणे, ‘‘बायांनो, जरा सरका, मले माह्या पायासंगं बोलू द्या.’’

गुरुजी ओशाळले. प्राध्यापक मात्र डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसले. हसता हसता त्यांनी विचारलं, ‘‘बाई, तिनं पाय परत का नाही आणला?’’

आत्या फावड्यावर रेलली. ‘‘मले वाटते, तिले इट लावता येत होती, म्हनून.’’

प्राध्यापक वहीत ते लिहून घेतच होते, की मामा विहिरीवरून ओरडले, ‘‘अवं, मेथी बुडाली ना!’’

गोष्टीच्या नादात एकाच वाफ्यात पाणी तुंबलं होतं. आत्या धावली, मी धावले. प्राध्यापकांनी वही माझ्या दप्तरावर ठेवली, धोतर खोचलं आणि थेट चिखलात उतरले. गुरुजी क्षणभर बांधावर घुटमळले, मग तेही आले. दोघं पंडित हातांनी बांध फोडायला लागले.

‘‘इकून नाई, तिकून!’’ आत्या दोघांवरही ओरडत होती, आणि दोघंही मुकाट्यानं ऐकत होते.