आठ-नऊचा रकाना

फळ्यावर सापेक्ष वारंवारतेचं कोष्टक मांडलं की तुळिंजच्या बाजारात बायकांच्या चपला विकणारा तो म्हातारा मला आठवतो. नाव मी कधी विचारलं नाही. कानावर पेन्सिल, समोर पुठ्ठा. जोड विकला गेला की तो त्या मापाच्या रकान्यात रेघ ओढायचा. रकाने तीनच होते: चार-पाच, सहा-सात आणि आठ-नऊ.

माझा पाय नऊ नंबरचा. दुकानदार हसून "जेन्ट्समध्ये बघा" म्हणतात, म्हणून चपला घ्यायला जायचं मी टाळतेच. त्यानं मात्र माझ्या पायाकडे एकदा बघितलं, गोणीच्या तळातून एक जोड काढला आणि फडक्यानं पुसून पुढे ठेवला. अगदी बरोबर बसला.

सवयीनं मी पुठ्ठ्यावरच्या रेघा मोजल्या. एकूण पन्नास, त्यात शेवटच्या रकान्यात दोन. दोन भागिले पन्नास, म्हणजे ०.०४.

"काका, शंभरात चौघी येतात या मापाच्या. कशाला रोज एवढं ओझं आणता?"

"आसतील चौघी," तो म्हणाला, "पन जी येते ती अख्खी येते ना, बाय!"

आणि त्यानं आठ-नऊच्या रकान्यात तिसरी रेघ ओढली.