डोक्यावरची माळ

ऑगस्ट १९८७, नारळी पौर्णिमेनंतरचा रविवार. डोंबिवलीहून खडवलीला गेलेल्या: मी, माझी धाकटी जाऊ, सासूबाई आणि आमच्या बिल्डिंगमध्ये मासे विकायला येणारी कोळीण मावशी. जाऊ आणि मावशी, दोघींना एकाच आठवड्यात कावीळ झाली होती. खडवलीजवळच्या गावात एक म्हातारे बाबा काविळीची माळ देत. मुळ्यांचे तुकडे ओवलेली ती छोटी माळ डोक्यावर ठेवायची. ती हळूहळू सैल होऊन गळ्यात उतरली, की कावीळ उतरली असं मानत.

बाबांनी दोघींना सारखीच माळ दिली. पथ्यही सारखंच. तेल, हळद, मासळी बंद. डोकं मोकळं ठेवायचं, पडून राहायचं.

"डोका मोकला कसा ठेवू, बाबा?" मावशी म्हणाली. "पाटी काय सासूच्या डोक्यावर देऊ?"

"दे की."

"मंग मासली कमी नि भांडणंच जास्त इकल ती!"

सगळे हसले. मावशीचे डोळे तेव्हाही हळदीसारखे होते.

माळेवर माझा विश्वास नव्हता, म्हणून जावेला डॉक्टरांकडेही नेलं. त्यांनी सांगितलं, यावर असं खास औषध नाही. विश्रांती घ्या आणि पाणी उकळून प्या. जाऊ शाळेत शिक्षिका. तिला पगारी रजा मिळाली. मी फ्रिजच्या दारावर वेळापत्रक लावलं: मोसंबी, उसाचा रस, मऊ भात, झोप. ती झोपून कंटाळली, चिडचिडली, पण झोपली. माळ तिच्या गळ्यात उतरली तेव्हा सासूबाईंनी देवापुढे साखर ठेवली.

मावशी मात्र दोनच दिवसांनी, मंगळवारी दारात. पाटीखाली चुंबळ आणि चुंबळीखाली दबलेली माळ.

"अगं मावशी, पडून राहायला सांगितलंय ना?"

"सीझन आत्ता चालू झालाय, बाय. चार दिस नाय आली तर तुमची समदी बिल्डिंग दुसरीकडनं घेल."

"पाणी तरी उकळून पितेस का?"

"घासलेट जेवणाला पुरत नाय. पाणी कशावर उकलू?"

त्या दिवशी आमच्याकडे पथ्यामुळे मासळी बंद होती. पाटी तशीच उचलून ती वरच्या मजल्यावर गेली.

डॉक्टरांनी पाण्याची चौकशी करायला सांगितली, ती मी केली. खाडीकडच्या मावशीच्या वस्तीला आणि आम्हाला येणारी लाइन एकच होती, आणि वस्तीजवळ ती गटारातून जात होती. सोसायटीने मीटिंग घेतली. टाकी धुतली, आमचं कनेक्शन दुसऱ्या लाइनवर घेतलं, घरोघरी फिल्टर आले. वस्तीतला नळ मात्र होता तिथेच राहिला. त्याची मीटिंग कोण घेणार?

गणपतीच्या आधी मावशी आमच्या जिन्यात कोसळली. रिक्षातून सरकारी दवाखान्यात, तिथून ठाण्याला. मी बरोबर होते. ती बरळत होती, माणसं ओळखत नव्हती. लिव्हर गेलं, असं ठाण्याच्या डॉक्टरांनी सांगितलं. दोन दिवसांत ती गेली.

बिल्डिंगमध्ये सगळ्यांचं एकमत झालं: पथ्य पाळलं नाही. सासूबाईही तेच म्हणाल्या. "माळ तीच, बाबा तेच. आपल्या हिला गुण आला ना?"

"आपली ही झोपून होती," जाऊ स्वतःकडे बोट दाखवत म्हणाली.

तिचे दिवस झाल्यावर मी वस्तीत गेले. मावशीची मुलगी त्याच नळावर हंडा भरत होती. दुसऱ्याच दिवशी मी महापालिकेत पहिला अर्ज दिला. पुढे महापालिकेची निवडणूक झाली, साहेब बदलले, दोनदा पाहणी झाली. आता १९९६ आहे. मुलगी आमच्या बिल्डिंगमध्ये पाटी घेऊन येते, तिला स्वतःची दोन मुलं आहेत, आणि अर्जावर माझ्याबरोबर तीही सही करते. पाइप अजून गटारातच आहे. सोमवारी पाणीखात्यात पुन्हा जायचं आहे.